बंद उद्योगाचे देणे

सोलापूर, धाराशिव, लातूर, सांगली या भागातून नोकरीधंद्यासाठी बाहेर पडलेल्या जुन्या पिढीतील वाचकांना बार्शी लाइट रेल्वे नक्की आठवत असेल. अडीच फुटी रुळांवरून चालणारी ती गाडी म्हणजे अनेकांच्या लेखी पंढरीच्या वारीची आणि आजोळच्या सुटीची गाडी. लंडनमध्ये नोंदलेल्या एका खाजगी कंपनीने १८९७ मध्ये बार्शी रोड, म्हणजे आजचे कुर्डुवाडी, ते बार्शी असा पहिला टप्पा सुरू केला. १९०६ मध्ये ती पंढरपूरला पोचली, १९११ मध्ये लातूरला आणि १९२७ मध्ये मिरजेला. एव्हरार्ड कॅलथ्रॉप या अभियंत्याने आखलेला हा मार्ग अरुंद रुळांच्या रेल्वेचा नमुना म्हणून देशोदेशी अभ्यासला गेला. हे सारे रेल्वेच्या इतिहासात सापडते. या छोट्याशा रेल्वेने देशाच्या औद्योगिक कायद्यालाही एक कलम दिले, ही गोष्ट मात्र कामगार खात्यात काम केलेल्यांखेरीज फारशी कोणाला माहीत नसते. उद्योग बंद करताना मालक कामगाराचे काय देणे लागतो, हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापुढे सर्वांत ठळकपणे आला तो याच रेल्वेच्या निमित्ताने.

घडले ते असे. स्वातंत्र्यानंतर खाजगी रेल्वे सरकारच्या ताब्यात घेण्याचे धोरण होते. त्यानुसार डिसेंबर १९५२ मध्ये रेल्वे बोर्डाने कंपनीला करार संपवण्याची नोटीस दिली आणि १ जानेवारी १९५४ पासून रेल्वे सरकार चालवणार असे ठरले. नोव्हेंबर १९५३ मध्ये कंपनीने आपल्या सर्व कामगारांना कळवले की ३१ डिसेंबरच्या दुपारनंतर तुमची नोकरी संपली. सरकार इच्छुकांना नोकरीवर घेणार आहे, अटी नंतर कळतील, असेही त्यात म्हटले होते. पुढे बहुतेक सर्वांना सरकारने सामावून घेतले. सुमारे ७७ टक्के कामगारांना पूर्वीचीच वेतनश्रेणी मिळाली. उरलेल्या बहुतेकांना काहीशी खालची श्रेणी मिळाली, पण हाती पडणारा पगार घटला नाही. अवघ्या चोवीस जणांनी सरकारी नोकरी नाकारली.

मग तंटा कशाचा? तंटा जुन्या नोकरीचा होता. वीस-वीस, पंचवीस-पंचवीस वर्षे ज्या कंपनीत काढली, ती कंपनी आपला कारभार आवरून निघाली होती. जाताना तिने त्या वर्षांचे काही देणे लागते की नाही, एवढाच सवाल कामगार संघटनेने केला. सवालाला नुकताच आधारही मिळाला होता. १९५३ साली कापडगिरण्यांत माल साठत चालला होता, पाळ्या बंद होत होत्या आणि हजारो कामगारांवर घरी बसण्याची पाळी येईल अशी भीती होती. म्हणून केंद्र सरकारने २४ ऑक्टोबर १९५३ रोजी अध्यादेश काढून १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्यात नवे प्रकरण घातले. कायद्याच्या भाषेत ज्याला रिट्रेंचमेंट म्हणतात आणि मराठीत आपण कामगार कपात म्हणतो, तिच्यासाठी एक महिन्याची नोटीस आणि नोकरीच्या प्रत्येक वर्षामागे पंधरा दिवसांचा सरासरी पगार असा हिशेब ठरला. हा पंधरा दिवसांचा आकडा वाचकांनी लक्षात ठेवावा. पुढे तो पुन्हा पुन्हा भेटणार आहे.

कपातीची व्याख्याही चांगली ऐसपैस होती. शिस्तभंगाची शिक्षा सोडून अन्य कोणत्याही कारणाने मालकाने नोकरी संपवली तर ती कपात, असा तिचा अर्थ सरळ वाचणाऱ्याला लागतो. कामगारांनीही तोच लावला. कोणतेही कारण म्हणजे कोणतेही कारण, त्यात कंपनी गाशा गुंडाळते हे कारणही आले. मुंबई उच्च न्यायालयाला हे पटले. त्याच सुमारास बडोद्याच्या श्री दिनेश मिल्स या लोकरी कापडाच्या गिरणीचाही असाच तंटा चालला होता. दोन्ही अपिले सर्वोच्च न्यायालयापुढे एकत्र आली. वकिलांच्या तोंडी हा निकाल हरिप्रसाद शिवशंकर शुक्ला विरुद्ध दिवेलकर या नावाने राहिला, कारण ते बडोद्याच्या अपिलाचे नाव. बार्शीच्या अपिलात संघटनेच्या बाजूने के. एन. जोगळेकर यांचे नाव आहे.

२७ नोव्हेंबर १९५६ रोजी पाच न्यायमूर्तींच्या पीठाने निकाल दिला. निकालपत्र न्या. एस. के. दास यांचे आहे. कपात म्हणजे चालू उद्योगातील जादा मनुष्यबळ कमी करणे, असे त्यांनी ठरवले. उद्योगच संपला तर जादा कोण आणि उणा कोण? उद्योग खरोखर आणि प्रामाणिकपणे बंद झाला असेल, किंवा त्याची मालकी दुसऱ्याकडे गेली असेल, तर कामगारांची जी नोकरी जाते ती कपात नव्हे, म्हणून नुकसानभरपाईही नाही. महिनाभर आधीच याच न्यायालयाने गोरखपूर जिल्ह्यातील पिपराइच साखर कारखान्याच्या खटल्यात हाच मार्ग दाखवला होता. तेथे ऊस पुरेसा मिळेना म्हणून यंत्रसामग्री मद्रासकडे विकली गेली आणि कारखाना उरलाच नाही. म्हणजे दहा जणांना काढणारा मालक पैसे देणार आणि सगळ्यांनाच काढून दाराला कुलूप लावणारा मालक मोकळा सुटणार, असा विचित्र न्याय तयार झाला. न्यायमूर्तींनी शब्दांचा अर्थ आपल्या परीने काटेकोर लावला होता. उणीव असेल तर ती भरून काढण्याचे काम संसदेचे होते.

संसदेने ते केलेही, आणि सरकारी यंत्रणेच्या मानाने बऱ्याच लगबगीने. १९५७ च्या एप्रिलमध्ये अध्यादेश निघाला आणि जूनमध्ये त्याचा कायदा झाला. कलम २५-एफएफ नव्याने लिहून मालकी हस्तांतराचा प्रश्न सोडवला गेला. नव्या मालकाने खंड न पाडता, पूर्वीपेक्षा कमी नसलेल्या अटींवर आणि जुनी सेवा धरून कामगार घेतले तर भरपाई नाही. एरवी जुन्या मालकाने ती द्यावी. त्यापुढे २५-एफएफएफ हे नवे कलम आले. उद्योग कोणत्याही कारणाने बंद झाला तरी कामगाराला, जणू त्याची कपात झाली आहे असे समजून, नोटीस आणि भरपाई मिळेल. मालकाच्या हाताबाहेरील अटळ कारणाने उद्योग बंद झाला तर भरपाईची कमाल मर्यादा तीन महिन्यांचा सरासरी पगार. पण नुसती पैशाची अडचण किंवा न खपलेला माल पडून असणे हे अटळ कारण मानले जाणार नाही, असा खुलासाही कलमातच घातला. हा खुलासा लिहिणाऱ्याला मालकवर्गाची चांगली ओळख असावी. धरणे, पूल, इमारती यांच्या बांधकामासाठी उभारलेले काम दोन वर्षांच्या आत पुरे होऊन थांबले तर मात्र भरपाई नाही, ही सवलत तेव्हा चालू असलेल्या पंचवार्षिक योजनेकडे पाहून दिलेली दिसते.

या सुधारणेची तारीख पाहण्यासारखी आहे. कायदा जून १९५७ चा, पण तो लागू झाला २८ नोव्हेंबर १९५६ पासून, म्हणजे निकालाच्या दुसऱ्या दिवसापासून. मसुदा करणाऱ्याची दृष्टी मला समजते. न्यायालयाचा निकाल उलथवल्याचे दिसू नये आणि निकालानंतर पळवाट साधणाऱ्या मालकालाही ती मिळू नये, असा मध्यममार्ग त्याने काढला. सचिवालयात अशी तारीख ठरते तेव्हा टिपणीत दोन ओळींचे कारण असते आणि सगळे माना डोलावतात. पण याचा अर्थ असा झाला की ज्यांच्या खटल्यामुळे हे कलम जन्माला आले, त्या बार्शी लाइटच्या कामगारांना त्याचा एक पैशाचाही उपयोग झाला नाही. त्यांची नोकरी ३१ डिसेंबर १९५३ रोजी संपली होती. त्यांच्यापुरता निकाल कायम राहिला. कुर्डुवाडीच्या कारखान्यातल्या फिटरने मागितलेले पैसे पुढे देशभरच्या लाखो कामगारांना हक्काने मिळू लागले, त्याला स्वतःला सोडून.

जाता जाता एक गोष्ट सांगायला हवी. व्याख्येतील कोणत्याही कारणाने या शब्दांचा शब्दशः आणि व्यापक अर्थच घ्यावा, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९९० साली पंजाब लँड डेव्हलपमेंट महामंडळाच्या खटल्यात सांगितले. उद्योग बंद पडण्याची कलमे तोवर वेगळी झालेली होती, म्हणून बार्शीच्या प्रश्नाला त्याने फरक पडत नव्हता. पण ते शब्द बार्शीच्या संघटनेने जसे वाचले होते तसेच वाचायला हवेत, हे मान्य व्हायला चौतीस वर्षे लागली.

आता या कलमातील खऱ्या गाठीकडे वळतो. १९५७ चे कलम मालकांना अर्थातच आवडले नाही. हठीसिंग मॅन्युफॅक्चरिंग कंपनी आणि इतर काही जण त्याच्या घटनात्मकतेला आव्हान देऊन सर्वोच्च न्यायालयात गेले. १९६० मध्ये न्यायालयाने कलम वैध ठरवले. कामगार संघटनांनी समाधान मानले. पण त्याच निकालात एक वाक्य असे आहे की ज्याचे परिणाम मी माझ्या सबंध नोकरीत पाहिले. कपातीच्या कलमात, म्हणजे २५-एफ मध्ये, नोटीस आणि भरपाई ही पूर्वअट आहे. पैसे हातावर ठेवल्याशिवाय कपात होतच नाही. केली तर ती रद्द, कामगार पुन्हा कामावर. उद्योग बंद होण्याच्या कलमात ती पूर्वअट नाही, असे न्यायालयाने स्पष्ट केले. कलमात जणू कपात झाली असे समजून हे शब्द आहेत, ते फक्त रक्कम मोजण्यासाठी. पैसे दिले नाहीत तरी उद्योग बंदच समजायचा, कामगाराची नोकरी गेलेलीच समजायची. मागे उरते ते एक देणे.

आता देणे तर उरले, पण ते देणार कोण? चालू कारखान्यातून दहा जणांना काढणाऱ्याकडे उद्याही उत्पादन असते, बँकेचे खाते असते, फाटकाशी उभे राहिलेले इतर कामगार असतात. बंद कारखान्याकडे यांपैकी काही नसते. म्हणजे ज्या प्रसंगी पूर्वअटीची गरज सर्वांत जास्त, नेमका तोच प्रसंग पूर्वअटीतून सुटला. कायद्याचा तर्क म्हणून हे समजून घेता येते, कारण ज्याच्याकडे पैसेच नाहीत त्याला कारखाना चालवत राहा असे सांगून काय होणार? तरीही माझे मत असे की पुढील साठ-सत्तर वर्षांत या विषयावर जे जे कायदे झाले ते सर्व या एका गाठीभोवती घातलेले वेढे आहेत. गाठ कोणी सोडवली नाही.

या देण्याची वसुली कोणाकडे येते ते सर्वसामान्य वाचकाला सहसा माहीत नसते. ती कलेक्टरकडे येते. औद्योगिक विवाद कायद्याच्या कलम ३३-सी प्रमाणे कामगाराचे पैसे मालकाकडे निघतात अशी सरकारची खात्री पटली की कलेक्टरच्या नावे वसुली प्रमाणपत्र निघायचे आणि जमीन महसुलाची थकबाकी वसूल करतात त्या रीतीने ती रक्कम वसूल करायची. माझ्या नोकरीच्या सुरुवातीच्या वर्षांत, महाराष्ट्रापासून दूरच्या एका जिल्ह्यात, अशा प्रमाणपत्रांचा एक गठ्ठा माझ्या टेबलावर आला. एका बंद कारखान्याच्या सत्तर-ऐंशी कामगारांचे दावे होते. प्रत्येकाची रक्कम वेगळी, काही तर इतकी लहान की तिच्यासाठी कोणी एवढी वर्षे हेलपाटे घातले असतील यावर विश्वास बसू नये. मी उत्साहाने नायब तहसीलदारांना पाठवले. त्यांचा अहवाल अर्ध्या पानाचा होता. कारखान्याच्या दारावर बँकेचे कुलूप आहे, आतील यंत्रे बँकेकडे गहाण आहेत, संचालक जिल्ह्याबाहेर राहतात, जप्तीयोग्य काही आढळले नाही. खाली शिफारस होती की प्रमाणपत्रे परत करावीत.

त्या वेळी मला एक धडा मिळाला, आणि तो मसुरीच्या अकादमीत कोणी शिकवला नव्हता. जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल करणे ही फक्त वसुलीची पद्धत आहे. त्याने कामगाराच्या पैशाला बँकेच्या गहाणाच्या पुढचा क्रम मिळत नाही. कागदावर सरकारी मोहोर आली, रांगेतला नंबर मात्र शेवटचाच राहिला. कामगारांचा एक प्रतिनिधी दर सोमवारी भेटीच्या वेळेत येऊन बसे. साठीचा, शांत बोलणारा माणूस. त्याने कधी तक्रार केली नाही. साहेब, कागद कुठवर आला, एवढेच तो विचारी. मी प्रमाणपत्रे परत न करता संचालक ज्या जिल्ह्यात राहत होते तेथील कलेक्टरकडे पाठवली, आणि त्यानंतर माझी बदली झाली. काही कामगारांना पुढे काही रक्कम मिळाली असे ऐकले, किती ते कळले नाही.

मूळ कथेकडे वळू. १९७० च्या आसपास पश्चिम बंगालमध्ये कारखाने एकाएकी बंद होण्याचे सत्र सुरू झाले. घेराव, टाळेबंदी, आणि एके सकाळी फाटकावर लावलेला कागद. म्हणून १९७२ मध्ये २५-एफएफए हे कलम आले. पन्नास किंवा अधिक कामगार असतील तर बंद करण्याच्या साठ दिवस आधी सरकारला कारणांसह कळवावे. ही फक्त सूचना होती, परवानगी नव्हे. पैसे बाजूला काढून ठेवण्याची अट तीतही नव्हती. खरे म्हणजे ती घालण्याची हीच वेळ होती, असे मला वाटते.

त्याऐवजी चार वर्षांनी, आणीबाणीच्या काळात, कायद्याने अगदी वेगळे वळण घेतले. ५ मार्च १९७६ पासून पाच-बी हे प्रकरण लागू झाले. तीनशे किंवा अधिक कामगारांचे कारखाने, खाणी आणि मळे यांना बंद करण्यापूर्वी नव्वद दिवस आधी अर्ज करून सरकारची परवानगी घेणे कलम २५-ओ ने सक्तीचे केले. पैसे कोण देणार या प्रश्नाची जागा परवानगी कोण देणार या प्रश्नाने घेतली. दोन्ही प्रश्न कामगाराच्या हिताचे दिसतात, म्हणून हा बदल किती मोठा होता ते पटकन ध्यानात येत नाही.

परवानगीचा पहिला मोठा खटला मुंबईचाच. एक्सेल वेअर ही निर्यातीसाठी कपडे शिवणारी भागीदारी संस्था, कामगार सुमारे चारशे. मालक-कामगार संबंध बिघडले, म्हणून १९७७ च्या मे महिन्यात तिने महाराष्ट्र सरकारकडे बंद करण्याची परवानगी मागितली. सरकारने ती नाकारली. कारण काय, तर बंद करण्याची कारणे सार्वजनिक हिताला बाधक आहेत. आमच्या खात्याच्या भाषेशी परिचित असलेल्याला हे वाक्य वाचून हसू येईल, कारण कायद्यातलाच शब्दप्रयोग उचलून आदेशात लिहिला होता. १९७८ च्या सप्टेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाने २५-ओ घटनाबाह्य ठरवले. सरकारवर कारणे देण्याचे बंधन नाही, आदेशाविरुद्ध दाद मागण्याची सोय नाही, आदेश किती काळ टिकेल ते ठरलेले नाही, या उणिवा न्या. उंटवालिया यांच्या निकालपत्रात एकामागून एक येतात. एखाद्या प्रशासकाने तो निकाल आपल्याच आदेशांचे परीक्षण म्हणून वाचावा इतका तो नेमका आहे.

संसदेने १९८२ मध्ये कलम दुरुस्त केले आणि ते २१ ऑगस्ट १९८४ पासून लागू झाले. आता सुनावणी आली, लेखी कारणे आली, साठ दिवसांत उत्तर न आल्यास परवानगी मिळाली असे समजण्याची तरतूद आली, फेरविचार किंवा न्यायाधिकरणाकडे पाठवणी आली. त्याचबरोबर तीनशेची मर्यादा शंभरावर आणली गेली. ओरिसा टेक्सटाइल अँड स्टीलच्या खटल्यात २००२ साली पाच न्यायमूर्तींनी हे नवे रूप वैध ठरवले. कायद्याच्या दृष्टीने प्रश्न संपला.

कारखान्याच्या दृष्टीने तो संपला नाही. बंद करण्याचा अर्ज ज्याच्या टेबलावर येतो त्या अधिकाऱ्याची आणि त्याच्यावरच्या मंत्र्याची अडचण मी जवळून पाहिली आहे. परवानगी नाकारली तर सरकारी तिजोरीतून काही जात नाही आणि वर्तमानपत्रात कामगारहिताचा निर्णय म्हणून बातमी येते. परवानगी दिली तर शंभर घरांची चूल विझवल्याचे खापर डोक्यावर. मग नकार ही स्वाभाविक सवय होते. मालकांनाही ही सवय कळली. त्यांनी अर्ज करणेच सोडले. विजेचे बिल थकवायचे, कच्चा माल आणायचा नाही, भविष्यनिर्वाह निधीचा भरणा थांबवायचा. एक दिवस वीज तुटते आणि भोंगा वाजायचा थांबतो. कायद्याच्या नजरेने असा कारखाना बंद झालेला नसतो. तो पडलेला असतो. बंद झाला नाही म्हणून भरपाई नाही, आणि चालू नाही म्हणून पगार नाही.

मुंबईच्या गिरणगावाने हे सर्वांत मोठ्या प्रमाणावर भोगले. १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुरू झालेल्या संपात सुमारे अडीच लाख कामगार होते. तो संप रीतसर कधी मागे घेतला गेला नाही. १९८३ मध्ये तेरा गिरण्यांचे व्यवस्थापन केंद्र सरकारने हाती घेतले. बाकीच्यांपैकी कित्येक ना चालू ना बंद अशा अवस्थेत वर्षानुवर्षे राहिल्या. पुढे जमिनीला सोन्याचा भाव आला तेव्हा चर्चा जमिनीच्या वाट्यांची झाली. कामगाराची पंधरा दिवसांच्या हिशेबाची रक्कम त्या चर्चेत तळटीप होऊन राहिली. हाच अनुभव कानपूर, इंदूर, अहमदाबाद येथील वाचकांनी आपापल्या शहरांत घेतला असेल. इंदूरच्या गिरण्यांत मराठी कामगारांची आणि कारकुनांची संख्या कमी नव्हती.

कंपनी कायद्याच्या बाजूने मात्र खरी हालचाल झाली, आणि तिचे श्रेय कोइमतूरच्या एका खटल्याला जाते. कंपनी विसर्जित करण्याच्या अर्जात कामगारांचे म्हणणे ऐकायचे की नाही, असा तो वाद होता. कामगार हा भागधारकही नाही आणि या अर्थाने अर्जदारही नाही, मग त्याचा संबंध काय? डिसेंबर १९८२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तीन विरुद्ध दोन अशा बहुमताने ठरवले की कामगारांना ऐकलेच पाहिजे. कंपनीत पैसा घालणारा आणि आयुष्य घालणारा यांत दुसरा परका कसा, असा न्या. भगवती यांच्या युक्तिवादाचा आशय आहे. त्यानंतर १९८५ मध्ये कंपनी कायद्यात ५२९-ए हे कलम आले आणि विसर्जनाच्या वेळी कामगारांची देणी तारणधारक बँकांच्या बरोबरीने धरली जाऊ लागली. नायब तहसीलदारांच्या त्या अर्ध्या पानी अहवालाला हे खरे उत्तर होते. ते लागू होण्यासाठी कंपनी रीतसर विसर्जनात जायला हवी होती, आणि आजारी उद्योगांच्या मंडळापुढे १९८७ पासून वर्षानुवर्षे पडून राहिलेली प्रकरणे विसर्जनापर्यंत पोचायला दशक लागे. ते मंडळ १ डिसेंबर २०१६ रोजी इतिहासजमा झाले.

त्याच वर्षीच्या दिवाळखोरी संहितेने रांग पुन्हा मांडली. प्रक्रियेचा खर्च पहिला, त्यानंतर तारण सोडून देणारे धनको आणि कामगार बरोबरीने. मात्र कामगारांची देणी फक्त शेवटच्या चोवीस महिन्यांपुरती. जो कारखाना पाच-सहा वर्षे नुसता पडून होता त्याच्या कामगाराला हे चोवीस महिने कसे जाचक वाटतात ते सांगायला नको. २०२३ मध्ये या मांडणीला दिलेले आव्हान सर्वोच्च न्यायालयाने फेटाळले. भविष्यनिर्वाह आणि ग्रॅच्युइटी निधीतील रक्कम वाटपाच्या बाहेर ठेवली आहे, ही जमेची बाजू. अर्थात मालकाने तो निधी भरलेला असला तर.

दिल्लीकर वाचकांसाठी एक वेगळा प्रसंग नोंदवतो. जुलै १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दिल्लीतील १६८ प्रदूषणकारी कारखाने ३० नोव्हेंबरपर्यंत शहरातून हलवण्याचा किंवा बंद करण्याचा आदेश दिला. बंद करणारा येथे मालक नव्हता, सरकारही नव्हते. तरी त्या आदेशात कामगारांचे देणे आधी लिहिलेले होते. स्थलांतर करणाऱ्या कारखान्यात नोकरी अखंड चालू आणि एक वर्षाचा पगार जादा. बंद होणाऱ्यात कायद्याच्या भरपाईवर आणखी एक वर्षाचा पगार, जी रक्कम पुढे वाढवण्यात आली. हा आदेश सर्वत्र पाळला गेला असे कोणी म्हणणार नाही. पण बंदीची तारीख आणि देण्याचा आकडा एकाच कागदावर असू शकतात, हे त्याने दाखवले.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून औद्योगिक विवाद कायदाच राहिला नाही. २०२० ची औद्योगिक संबंध संहिता त्याच्या जागी आली. परवानगीची मर्यादा शंभरावरून पुन्हा तीनशेवर गेली, म्हणजे १९७६ च्या आकड्यावर. वर्तमानपत्रांत सारा वाद याच आकड्यावर झाला. साठ दिवसांची सूचना पन्नास कामगारांच्या मर्यादेसह कायम आहे. कपात झालेल्या कामगाराला नवे कौशल्य शिकण्यासाठी पंधरा दिवसांच्या वेतनाइतकी रक्कम मालकाच्या वर्गणीतून मिळण्याची नवी तरतूद आहे. आणि उद्योग बंद झाल्यास मिळणारी भरपाई? ती आजही जणू कपात झाली असे समजून मोजायची आहे, वर्षामागे पंधरा दिवसांच्या सरासरी पगाराने. दहा वर्षे नोकरी केलेल्याला ढोबळ हिशेबाने पाच महिन्यांचा पगार. १९५३ च्या ऑक्टोबरमध्ये गिरण्यांतील माल साठल्यामुळे घाईने ठरवलेला तो आकडा बहात्तर वर्षांनी नव्या संहितेत तसाच उतरला आहे. यापेक्षा जास्त दिवस ठरवण्याची मुभा मात्र या वेळी संबंधित सरकारला दिलेली आहे. त्यासाठी नवा कायदा लागत नाही, अध्यादेशही लागत नाही. राजपत्रातील एक अधिसूचना पुरते.